गुरूच्या राखाडी पट्ट्या आणि रंगाचं रजिस्टर

गेरू | रविवार, रात्री ९:४०

मी २२ वर्षं पुण्यात छपाईच्या धंद्यात काढली, त्यातली बहुतेक कलर सेपरेशनच्या टेबलावर. ज्यांनी ते काम पाहिलेलं नाही त्यांच्यासाठी सांगतो. रंगीत चित्र छापायचं म्हणजे आधी त्याच्या चार फिल्मा काढायच्या: सायन, मजेंटा, यलो, ब्लॅक. या चारही काळ्या-पांढऱ्याच असतात. रंग फिल्ममध्ये नसतोच, तो मशीनवर शाईतून येतो. या फिल्मांवरून बनवलेल्या चारही प्लेटांचे ठसे एकावर एक तंतोतंत पडले की 'रजिस्टर बसलं' म्हणायचं. एखादी प्लेट केसभर सरकली तर कॅलेंडरवरच्या लक्ष्मीच्या ओठांना दोन कडा दिसतात. माझे उस्ताद भिंग डोळ्याला लावून ती केसभर चूक शोधत बसायचे. ती सवय मलाही लागली.

जुलै २०१७ मध्ये नासाचं जूनो यान गुरूच्या तांबड्या डागावरून, म्हणजे तिथल्या प्रचंड वादळावरून, सुमारे ९,००० किलोमीटर उंचीवरून गेलं. मूळ चित्रं मोहिमेच्या संकेतस्थळावरून कुणालाही घेता येतात असं वाचलं, म्हणून एक फाइल उतरवली. उघडली तर गुरू कुठेच नाही. एक अरुंद, लांबलचक उभी पट्टी, सगळी राखाडी, आणि तिच्यात एकच ढग तीन-तीनदा आलेला, दर वेळी थोडा सरकलेला. मी खुर्चीतून उठलोच. ही सेपरेशन्स होती! कोट्यवधी किलोमीटरवरून माझ्या टेबलावरचं काम आलं होतं आणि रजिस्टर लावायचं बाकी होतं.

जूनोकॅम, म्हणजे यानावरचा कॅमेरा, आपल्या कॅमेऱ्यासारखं एका क्लिकमध्ये अख्खं चित्र घेत नाही. यान स्वतःभोवती मिनिटाला सुमारे २ फेऱ्या घेत असतं. म्हणून सेन्सरवरच लाल, हिरव्या, निळ्या आणि मिथेनच्या फिल्टरच्या चार पट्ट्या चिकटवल्या आहेत. यान फिरतं तसा गुरू त्या पट्ट्यांसमोरून सरकतो आणि दर वेळी १२८ ओळींचा एक काप नोंदला जातो. झेरॉक्सचा दिवा काचेखालून सरकतो तसं समजा. इथे दिव्याच्या जागी अख्खं यान फिरतंय.

हा कॅमेरा मुळात लोकांसाठी बसवलेला आहे. यान ५ ऑगस्ट २०११ ला निघालं आणि ४ जुलै २०१६ ला गुरूपाशी पोचलं. त्यावरची बाकीची उपकरणं गुरुत्व, चुंबकक्षेत्र, सूक्ष्मलहरी मोजतात. जूनोकॅमची जबाबदारी कॅन्डिस हॅन्सन यांच्याकडे, आणि त्यांनी चित्रं घडवायचं काम जाणूनबुजून जनतेच्या हाती दिलं. हे मला फार मोठं वाटतं. आपल्या हातात घडीव चित्र ठेवलं नाही, कच्चा माल ठेवला.

त्या मालावर काम करणाऱ्यांत मला सगळ्यात जवळची वाटते ती एक जोडी. जर्मनीतले गणितज्ञ गेराल्ड आइखश्टेट आणि ब्रिटनमधले दृश्यकलाकार शॉन डोरन. आइखश्टेट यांनी स्वतःची संगणक प्रणाली लिहिली. त्या क्षणी यान नेमकं कुठे होतं, किती अंशातून फिरलं होतं, भिंगामुळे कडेला किती वाक आला, हे सगळं धरून ते प्रत्येक काप गुरूच्या गोलावर परत चढवतात. सूर्य एका बाजूने पडल्यामुळे येणारा उजेड-अंधाराचा उतारही ते गणिताने काढून टाकतात. हे झालं रजिस्टर. मग डोरन बसतात. कुठला ढग उठवायचा, कुठला मागे ठेवायचा, निळा किती वर काढायचा, चौकट उभी की आडवी. अवकाशात वर-खाली नसतं, त्यामुळे चित्र कुठल्या बाजूने धरायचं हासुद्धा चित्रकाराचाच निर्णय.

२९ ऑक्टोबर २०१८ ला घेतलेल्या कापांमध्ये डॉल्फिनच्या आकाराचा एक ढग निघाला. ब्रायन स्विफ्ट आणि डोरन यांनी तो चित्रांच्या मालिकेत मांडला, डॉल्फिन ढगांच्या पट्ट्यातून पोहत चालल्यासारखा. डेटा सगळ्यांसमोर होता. त्यांना तो दिसला.

मी स्वतः एकाच फाइलची तीन चित्रं केली. पहिलं डोळ्याला दिसेल त्याच्या जवळचं: फिकट, साबुदाण्याच्या खिरीत केशराची काडी विरघळावी तसं. दुसऱ्यात उजेडाचा उतार काढला आणि उठाव वाढवला. त्याबरोबर निळसर भोवरे, गेरूचे पट्टे, पांढऱ्या फुटकुळ्या, सगळं वर आलं. तिसरं फक्त मिथेनच्या पट्टीवरून. ८८९ नॅनोमीटरला मिथेन प्रकाश शोषतो, म्हणून खोल ढग काळे पडतात आणि उंचावरचे चमकतात. त्यात तांबडा डाग पांढराशुभ्र दिसतो, कारण त्याचा माथा उंच आहे.

तिन्ही एकाच आकड्यांतून आलेली आहेत. माझं मत असं की तिन्ही खरी, पण चित्राखाली 'मी काय केलं' हे लिहिलेलं असेल तरच. छापखान्यात प्लेटेच्या कडेला रंगपट्टी छापतात, शाई किती पडली ते कळावं म्हणून. तशी पट्टी या चित्रांना हवी. तुम्हाला काय वाटतं ते वाचायचं आहे.

चांदणवाट | रविवार, रात्री ११:०५

गेरू, लिहिलंय सुरेख. पण मी दुसऱ्या बाजूचा आहे आणि मनापासून आहे.

गेली १५ वर्षं मी वांगणीला आकाशदर्शनाला लोकांना घेऊन जातो. हिवाळ्यात मृग नक्षत्रातला तेजोमेघ, म्हणजे वायू आणि धुळीचा प्रचंड ढग, दाखवतो. एक मुलगी, सातवी-आठवीतली असेल, तासभर रांगेत उभी राहिली. दुर्बिणीला डोळा लावला आणि म्हणाली, "काका, हा तर धूर आहे." तिने पुस्तकात जांभळा-गुलाबी पाहिला होता. त्या धुरात आत्ता, या घडीला नवे तारे जन्मताहेत हे मी सांगत होतो, पण तिचं लक्ष उडालं होतं. असं दर मोसमात होतं.

ही रंगवलेली चित्रं खऱ्या आकाशाची किंमत कमी करतात. 'मी काय केलं' हे खाली लिहिलं तरी फॉरवर्ड करताना ते कापलं जातं. उरतो फक्त रंग.

गेरू | सोमवार, सकाळी ७:१५

चांदणवाट, त्या मुलीचं वाचून वाईट वाटलं. तुमचा राग खोटा नाही.

पण एक बघा. दुर्बिणीतून तेजोमेघ राखाडी दिसतो तो त्याच्यात रंग नाही म्हणून नव्हे. अंधारात काम करणाऱ्या आपल्या डोळ्यातल्या पेशींना रंग कळत नाही, एवढंच. तिथला हायड्रोजन लाल प्रकाशच सोडतोय. म्हणजे 'डोळ्याला दिसतं ते खरं' ही फूटपट्टीही आपल्याच डोळ्याच्या मर्यादेची आहे.

दुसरं उदाहरण. १ एप्रिल १९९५ ला जेफ हेस्टर आणि पॉल स्कोवेन यांनी हबलने गरुड तेजोमेघाची, त्या प्रसिद्ध 'निर्मितीच्या स्तंभांची' छायाचित्रं घेतली. फिल्टर तीन: गंधक, हायड्रोजन, ऑक्सिजन. गंधकाची रेषा ६७२ नॅनोमीटरच्या आसपास, हायड्रोजनची ६५६. दोन्ही आपल्याला लालच दिसतात. 'खऱ्या' रंगात ठेवलं असतं तर गंधक कुठे संपतं आणि हायड्रोजन कुठे सुरू होतो ते कळलंच नसतं. म्हणून गंधक लाल, हायड्रोजन हिरवा, ऑक्सिजन निळा असं वाटून दिलं. तरंगलांबीचा क्रम तोच ठेवला, फक्त अंतर ताणलं. स्तंभांच्या कडेला जो सोनेरी-हिरवा फरक दिसतो, तो वायूंमधला फरक आहे.

कापल्या जाणाऱ्या मजकुराचा मुद्दा मात्र मान्य. त्यावर माझ्याकडे उत्तर नाही.

रेडिओवाली | सोमवार, दुपारी १:३०

जेवणाच्या सुट्टीत लिहितेय. मी नारायणगावजवळच्या खोडदच्या दुर्बिणीच्या, म्हणजे जीएमआरटीच्या डेटावर काम करते. तुमच्याकडे निदान राखाडी ढग तरी आहे. आमच्याकडे तेही नसतं.

४५ मीटर व्यासाच्या ३० ॲंटेना. कुठलीच एकटी चित्र काढत नाही. दोन-दोनच्या जोड्या लावायच्या, अशा ४३५ जोड्या होतात. प्रत्येक जोडी लहरींच्या जुळणीची मोजमापं देते आणि त्यातून गणिताने आकाशाचा तो तुकडा उभा करावा लागतो. शेवटी हातात येतो तो आकड्यांचा तक्ता: या ठिकाणी रेडिओ लहरी इतक्या तीव्र, त्या ठिकाणी तितक्या. रेडिओ लहरींना रंग असण्याचा प्रश्नच नाही. तरी रंग द्यावाच लागतो, कारण आकड्यांच्या तक्त्यात माणसाला आकार दिसत नाही.

आणि इथेच धोका आहे. आमच्याकडे वर्षानुवर्षं इंद्रधनुष्याची रंगपट्टी वापरायची पद्धत होती: निळा, आकाशी, हिरवा, पिवळा, लाल. मी नवखी असताना एका दीर्घिकेच्या रेडिओ पंखात, म्हणजे तिच्या बाजूला पसरलेल्या, रेडिओ लहरी सोडणाऱ्या ढगात, मला एक धारदार कडा दिसली. दोन दिवस त्यावर टिपणं काढली. मग मार्गदर्शकांनी तेच चित्र साध्या करड्या पट्टीत उघडून दाखवलं. कडा गायब. आकडे हळूहळू चढत होते, रंगपट्टीत आकाशीवरून पिवळ्यावर उडी होती आणि डोळा त्या उडीला कडा समजत होता.

म्हणून पुढे अशा रंगपट्ट्या घडवल्या गेल्या ज्यात आकडा जितका वाढतो तितकाच उजळपणा डोळ्याला वाढलेला जाणवतो. स्टेफान व्हॅन डर वॉल्ट आणि नॅथॅनियल स्मिथ यांची व्हिरिडिस ही त्यातली गाजलेली. जांभळ्यापासून हिरव्यातून पिवळ्याकडे जाते. मॅटप्लॉटलिब ही आलेख काढायची संगणक प्रणाली वापरणाऱ्यांना २०१७ पासून तीच आपोआप मिळते.

चित्रकारांनी हे वाचावं असं मला मनापासून वाटतं. रंग निवडणं हा तुमचा हक्क आहे, पण रंगाने नसलेली कडा निर्माण केली तर ते विज्ञानात चुकीचं विधान होतं. बोलून केलेलं असो वा रंगवून.

हिरवालाल | सोमवार, दुपारी ३:१०

रेडिओवाली ताई, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला.

मला लाल आणि हिरवा वेगळे ओळखता येत नाहीत. शाळेत नकाशा भरताना जंगल आणि वाळवंट एकाच खडूने रंगवलं म्हणून वर्गासमोर उभं केलं होतं. गरुड तेजोमेघाच्या त्या चित्राचं कौतुक आयुष्यभर ऐकत आलो. मला त्यात उजेड-सावलीचे खांब दिसतात, सोनेरी-हिरवी कडा दिसत नाही. गेरूंनी वर ती वायूंची कडा आहे असं लिहिलं तेव्हा तिथे काय आहे ते पहिल्यांदा कळलं.

व्हिरिडिसमधली चित्रं मला वाचता येतात. कुठे जास्त, कुठे कमी, ते सरळ दिसतं. तेव्हा गेरू, ती रंगपट्टी जरूर छापा, पण तिच्याशेजारी आकडेही घाला. आणि एक विनंती, तुमच्या मिथेनच्या चित्राची प्रत मिळेल का? एकाच पट्टीचं असेल तर मी ते तुमच्याइतकंच पाहू शकेन.

गेरू | सोमवार, रात्री ८:५०

हिरवालाल, आजच पाठवतो, मोठ्या आकारात. २२ वर्षं रंगाचं काम केलं आणि हा विचार माझ्या टेबलावर कधी आला नाही. इथून पुढे प्रत्येक चित्राबरोबर एक करडी प्रत ठेवीन.

खडूवाली बाई | मंगळवार, दुपारी ४:२०

मी चित्रकला शिक्षिका, निवृत्त. एलिमेंटरी-इंटरमीजिएटच्या परीक्षांना मुलं बसवण्यात आयुष्य गेलं. या धाग्यावर एक गोष्ट यायलाच हवी, म्हणून लिहिते.

जुलै १९६५. मरिनर ४ हे यान मंगळाजवळून गेलं आणि जवळून घेतलेली मंगळाची पहिली चित्रं त्याने पाठवायला सुरुवात केली. एक चित्र २०० गुणिले २०० ठिपक्यांचं, प्रत्येक ठिपक्याला ० ते ६३ मधला एक आकडा. वेग सेकंदाला ८.३३ बिट, म्हणजे एका चित्राला आठ तास. यानावरचा टेप रेकॉर्डर नीट चालला की नाही याची कॅलिफोर्नियातल्या जेट प्रोपल्शन लॅबोरेटरीत धाकधूक होती आणि संगणकावर चित्र तयार व्हायला वेळ लागणार होता. तिथले अभियंते रिचर्ड ग्रम आणि त्यांचे सहकारी थांबेनात. त्यांनी आकडे कागदी पट्ट्यांवर छापून घेतले, पट्ट्या शेजारी-शेजारी लावून स्टेपल केल्या आणि हाताने रंगवायला घेतलं.

ग्रम दुकानात करड्या छटांचे खडू मागायला गेले होते. दुकानात खडू नव्हते, रंगीत पेस्टल मिळाले. म्हणून मंगळाचं ते पहिलं चित्र तपकिरी, तांबडं, पिवळं झालं. अमुक ते अमुक आकड्याला अमुक रंग. खऱ्या चित्राआधी हेच चित्र टीव्हीवर गेलं. नंतर ते चौकटीत बसवून संचालक विल्यम पिकरिंग यांना भेट दिलं. आणि गेरू, त्या चित्राच्या कडेला कुठल्या आकड्याला कुठला रंग याची किल्ली काढलेली आहे. तुमची रंगपट्टी! पहिल्याच दिवशी होती.

हे मी शाळेत करून पाहिलं. मंगळाच्या एका छायाचित्राचा ४० गुणिले ४० चा तक्ता केला, आकडे ० ते ९, आणि सहा गटांना दिला. हे कशाचं चित्र आहे ते सांगितलं नाही. दहा आकड्यांना कुठले दहा रंग ते गटाने ठरवायचं आणि कडेला लिहायचं. एका गटाने अंधारापासून उजेडाकडे क्रम लावला. एका गटाने आवडते रंग वाटून टाकले, ५ ला गुलाबी, ६ ला काळा. एका मुलीने घरून रांगोळीचे रंग आणले, तिच्या मते खडूपेक्षा पोत चांगला येतो.

सहाही चित्रं व्हरांड्यात भिंतीला लावली आणि मुलांना लांब, पटांगणाच्या टोकाशी नेलं. क्रम लावलेल्या चित्रात विवर दिसत होतं, गोल, एका बाजूने सावली. आवडत्या रंगांच्या चित्रात नुसती गोधडी दिसत होती. तो गट रडकुंडीला आला. मग त्यातलाच एक मुलगा जवळ गेला, परत लांब आला, आणि म्हणाला, "बाई, आमच्यातपण आहे, फक्त लपलंय." खरंच होतं. आकडे तेच होते ना.

चांदणवाटदादा, तुमच्या त्या मुलीच्या हातात असा तक्ता पडायला हवा होता. मग धूर पाहून ती निराश झाली नसती, असं मला वाटतं. तिने विचारलं असतं, यातले आकडे कोण मोजतं?

चांदणवाट | मंगळवार, रात्री १०:३०

बाई, तक्ता मिळेल का? पुढच्या अमावास्येच्या आसपास वांगणीला ३० मुलं येणार आहेत. ढगांमुळे दर वेळी तास-दीड तास वाया जातो, तेव्हा करून घेईन.

माझं मत पूर्ण बदललेलं नाही. आधी दुर्बीण, मग चित्र, हा क्रम मी सोडणार नाही. पण मी चित्रकारांवर रागावत होतो आणि रागवायला हवं होतं मजकूर कापणाऱ्यांवर, एवढं पटलं.

कोडाईची वाट | बुधवार, सकाळी १०:४५

गुरू-मंगळ झाले, आता सूर्याचं सांगते. कोडाईकनालच्या सौर वेधशाळेत विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून रोज, ढग नसतील त्या दिवशी, सूर्याचं छायाचित्र घेतलं जातं. जॉन एव्हरशेड यांनी १९०९ मध्ये सौरडागांतून वायू बाहेर वाहत असल्याचा शोध लावला तो तिथेच. काचेच्या प्लेटा, फिल्मा, आणि सूर्याची प्रतिमा कागदावर पाडून पेन्सिलने काढलेली डागांची चित्रं. रोज एक माणूस बसून डाग गिरवायचा, याची कल्पना करा. त्या संग्रहात सूर्याच्या दीड लाखाहून जास्त प्रतिमा आहेत.

दिल्लीच्या चित्रकार रोहिणी देवाशेर यांनी त्या संग्रहावर काम केलंय. त्या स्वतः हौशी आकाशनिरीक्षक आहेत. त्यांची 'वन हंड्रेड थाउजंड सन्स' ही चार पडद्यांवर चालणारी चित्रफीत २०२३ ची. मला त्यातलं सगळ्यात मोलाचं हे वाटतं की त्यांनी सूर्य सुंदर करून दाखवायचा प्रयत्न केला नाही. पाहणाऱ्यांचा हात दिसू दिला. पेन्सिलीची रेघ, प्लेटेवरचे ओरखडे, माणसाने केलेल्या खुणा. वैज्ञानिक जे कचरा म्हणून पुसून काढतात तेच त्यांनी विषय केलं. २०२४ ला डॉइश बँकेने त्यांना वर्षाच्या कलाकार म्हणून निवडलं.

याच्या शेजारी सेमीकंडक्टर या ब्रिटिश जोडीचं, रूथ जार्मन आणि जो गेरहार्ट यांचं २००६ चं 'ब्रिलियंट नॉइज' ठेवते. सूर्याचं निरीक्षण करणाऱ्या उपग्रहांनी पाठवलेल्या कच्च्या, न धुतलेल्या प्रतिमा त्यांनी घेतल्या. त्यात सेन्सरवर आदळणाऱ्या कणांचे पांढरे ठिपके तसेच ठेवले, पावसासारखे.

गेरूंच्या मार्गात रजिस्टर बसवायचं आहे. या दोघांच्या कामात रजिस्टर न बसलेलंच दाखवायचं आहे. मला दोन्ही हवेत.

रेडिओवाली | बुधवार, दुपारी १:४०

आणि सूर्यासाठी आता पुण्यातूनही माल येतो. आदित्य एल-१ वरची सूट ही अतिनील दुर्बीण पुण्याच्या आयुका या खगोलशास्त्र संस्थेने तयार केली. २ सप्टेंबर २०२३ ला यान गेलं आणि डिसेंबरमध्ये सूर्याच्या पूर्ण बिंबाच्या पहिल्या प्रतिमा आल्या, २०० ते ४०० नॅनोमीटरच्या, ११ फिल्टरमधून. यातला बराचसा प्रकाश पृथ्वीवर वातावरण अडवतं आणि डोळ्याला तर तो दिसतच नाही. म्हणजे त्याला कुठला रंग द्यायचा हे कुणीतरी पहिल्यांदाच ठरवलं. इस्रोच्या मोहिमांचा डेटा 'प्रदान' या संकेतस्थळावर मिळतो, नोंदणी करावी लागते.

गेरू | बुधवार, रात्री ९:२०

इस्रोचा विषय निघाला म्हणून. मंगळयान २४ सप्टेंबर २०१४ ला मंगळाच्या कक्षेत शिरलं. त्याच्या रंगीत कॅमेऱ्याने दूरवरून अख्खा मंगळ टिपला, असं पूर्ण बिंब मंगळाभोवती जवळून फिरणाऱ्या यानांना सहसा मिळत नाही. त्या डेटावरून जस्टिन कॉवर्ट या अमेरिकन माणसाने घडवलेलं मंगळाचं चित्र आज जगभर फिरतं. लोणीमिश्रित गेरूचा रंग, वर ढगांचा पातळ पदर. कॅमेरा आपला, डेटा आपला, आणि तो उघडून बसणारा हात दुसरीकडचा. मला यात दुःख नाही, त्यांनी काम उत्तम केलं. पण आपल्याकडे कमर्शियल आर्ट शिकलेली, रंगाचा डोळा असलेली इतकी मुलं आहेत. त्यांच्यापैकी कुणाला या फायली उघड्या आहेत हे तरी माहीत आहे का? माहीत असेल तर मला भेटवा.

नवशिका सातारकर | गुरुवार, दुपारी १२:१५

काका, मी आहे. कमर्शियल आर्टच्या तिसऱ्या वर्षाला. रविवारपासून हा धागा वाचतोय आणि काल रात्री पहिली फाइल उतरवली. पण माझ्या फाइलमध्ये गुरूपेक्षा रेघा आणि ठिपकेच जास्त आहेत. मी काही चुकलो का? नोव्हेंबर २०२३ ची आहे.

गेरू | गुरुवार, दुपारी २:००

नाही, तू चुकला नाहीस. कॅमेरा भाजला होता.

गुरूभोवतीचा किरणोत्सर्ग भयंकर आहे. यानाची मुख्य इलेक्ट्रॉनिक्स टायटॅनियमच्या जाड पेटीत आहेत, पण जूनोकॅम पेटीच्या बाहेर. निदान ८ फेऱ्या टिकावा अशा बेताने बनवलेला. ४७व्या फेरीच्या सुमारास बिघाड दिसायला लागला आणि ५६व्या फेरीत जवळपास प्रत्येक चित्र खराब झालं. तुझी फाइल त्यातली. पुढे गुरूचा चंद्र आयो अगदी जवळून दिसणार होता आणि हातात काही दिवस होते. मग त्यांनी कॅमेऱ्याचाच हीटर पूर्ण वाढवून त्याला तापवलं. धातू तापवून, थंड करून त्याच्यातला ताण काढतात तसं. ३० डिसेंबर २०२३ ला यान आयोपासून १,५०० किलोमीटरवरून गेलं आणि चित्रं स्वच्छ आली, डोंगरांच्या कडांसकट.

तुझी फाइल टाकू नकोस, कोडाईच्या ताईंनी सांगितलेल्या वाटेने जायचं असेल तर तीच उपयोगी पडेल. रजिस्टर शिकायचं असेल तर २०१७-१८ मधली घे. आणि अगदी जवळून घेतलेली नको. जवळून घेतलेल्यात काप सपाट कागदासारखे एकावर एक बसत नाहीत, कारण दोन कापांच्या मधल्या वेळात यानही पुढे गेलेलं असतं. तिथे गोलाचं गणित लागतं. लांबून घेतलेलं, बिंब लहान दिसणारं चित्र घे.

मग १२८-१२८ ओळींचे काप कर. क्रम निळा, हिरवा, लाल, परत निळा, असा आहे. तिन्ही रंगांचे गठ्ठे वेगळे कर. प्रत्येक गठ्ठ्यातले काप एकाखाली एक लाव, शेजारचे काप थोडे एकमेकांवर चढतात, तेवढं सरकवून जुळव. तीन राखाडी गुरू तयार होतील. मग तिन्ही एकावर एक. गुरूच्या काळ्या कडेवर लक्ष ठेव, ढगांवर नको.

नवशिका सातारकर | शुक्रवार, पहाटे ३:२५

लाल आणि हिरवा बसला. निळा खाली जातोय. दोन पिक्सेल असेल.

गेरू | शुक्रवार, सकाळी ६:३०

नुसता सरकवू नकोस. भिंगाच्या वाकामुळे मध्यभागी बसेल आणि टोकांना सुटेल. निळ्याचा गठ्ठा टोकांकडे किंचित ताणून बघ, एका वेळी अर्धा पिक्सेल.

खडूवाली बाई | शुक्रवार, सकाळी ९:१०

चांदणवाटदादा, तक्ता पाठवलाय. आकडे मोठ्या अक्षरात आहेत, मुलांना विजेरीच्या लाल उजेडातही वाचता येतील.

हिरवालाल | शुक्रवार, संध्याकाळी ७:४०

गेरू, मिथेनचं चित्र मिळालं. छापून भिंतीला लावलंय. घरात कुणी विचारलं की मीच समजावून सांगतो, हा पांढरा भाग सगळ्यात उंच.

नवशिका सातारकर | शुक्रवार, रात्री ११:५५

बसलं रजिस्टर. कडेला एकच रेघ आहे, तिन्ही रंगांची. करडी प्रत आणि काय-काय केलं त्याची यादी सोबत जोडतोय. उठाव अजून काहीच वाढवलेला नाही, आधी तुम्ही बघा.